हनुवटीखाली दोन बोटं

गिऱ्हाईक खुर्चीत बसलं की काका आधी कात्रीला हात लावत नसत. पांढरं कापड झटकायचं, गळ्याभोवती बांधायचं, मग दोन्ही तळवे डोक्याच्या दोन्ही बाजूंना अलगद टेकवायचे. अंगठे कानांमागे आणि दोन-दोन बोटं जबड्याच्या हाडाखाली, हनुवटीच्या जवळ. समोरच्या आरशात त्याच्या तोंडाकडे बघायचं आणि म्हणायचं, "हं, बोला."

नवा माणूस जरा बिचकायचा. जुनी गिऱ्हाइकं त्याला समजवायची, "घाबरू नका, काका डोकं वाचतात." कोणाला वाटे माप घेतात, कोणाला वाटे त्यांच्या गुरूची ही रीत असेल. एक थोराड वकील महिन्यातून एकदा यायचे. डोक्यावर कापण्याजोगं फारसं उरलं नव्हतं, तरी यायचे. म्हणायचे, "केस निमित्त आहेत हो. चोवीस तास डोकं मीच धरून बसलेला असतो, दोन मिनिटं दुसऱ्या कोणी धरलं की बरं वाटतं."

खरी गोष्ट अशी होती की काकांना ऐकू येत नव्हतं.

कमी येत होतं असं नाही, येतच नव्हतं. बऱ्याच वर्षांपूर्वी एक मोठा ताप आला, जाताना डावा कान घेऊन गेला. उजव्याने वर्षभर एकट्याने संसार ओढला आणि मग त्यानेही पाठ टेकली. डॉक्टरांनी यंत्र लावून पाहिलं, काढून ठेवलं आणि सांगितलं, नसच वाळली आहे, यंत्राचा उपयोग नाही. घरी परत येताना काकूंनी रस्ताभर नवऱ्याचा हात सोडला नाही. काकूंचा देवावर भारी भरवसा. त्या दिवशी मात्र त्यांनी देवाला हात जोडले ते काही मागायला नव्हे, जाब विचारायलाच.

दुकानात कोणालाच हे ठाऊक नव्हतं. काकांचं म्हणणं साधं होतं. "वस्तरा मानेवर फिरतो. बहिऱ्यापुढे मान कोण देईल?"

तेव्हापासून सगळा कारभार आरशावर चालू होता. दुकान लांबट, चार खुर्च्या एका ओळीत, समोर या टोकापासून त्या टोकापर्यंत अखंड आरसा. काका दाराकडून पहिल्या खुर्चीवर. तिथे उभं राहिलं की आरशात सगळं दुकान दिसे. बाकावर वाट बघणारे, गल्ल्यावरचे छोटे मालक, दारात घुटमळणारा चहावाला, सगळ्यांची तोंडं. ज्याचे ओठ हलले तो बोलतोय आणि ज्याच्याकडे सगळे वळले त्याने विनोद केलाय, एवढं काकांना पहिल्या महिन्यातच जमलं. पुढे ओठांवरचे शब्द वाचायला शिकले. दुकानातला स्पीकर मोठ्याने वाजत असे. त्याच्या जाळीवरचं कापड थरथरायला लागलं की काका मान न वळवता ओरडत, "अरे, ते गाणं बारीक करा. कान किटले." ज्याचे कान किटतात त्याला ऐकू येत नाही अशी शंका कोणाला यावी?

पण ओठ पुरे पडत नाहीत. ओठ अर्धंच सांगतात. प, ब आणि म, तिन्हींना ओठ सारखेच मिटतात. आपल्या भाषेत मागचापुढचा धागा धरून निभावता येतं. घोटाळा झाला तो पोरांच्या इंग्रजीचा. दुकानाच्या मागच्या गल्लीत कॉलेज. तिथली पोरं येत, आणि केसांच्या बाबतीत एक अक्षर आपल्या भाषेत बोलत नसत. कोणी म्हणे 'फेड', म्हणजे कानाजवळचे केस उतरत्या पायऱ्यांनी बारीक करत न्यायचे. कोणी म्हणे 'वेट', म्हणजे केसांना मलम चोपडून आत्ताच न्हाऊन आल्यासारखे ठेवायचे. आरशात पाहिलं तर दोन्हीला वरचे दात खालच्या ओठावर टेकतात आणि जीभ आत कुठेतरी लपते. फरक शून्य. 'बॉब' आणि 'मॉप' यांचंही तेच. एकात केस कानाच्या पाळीशी सरळ रेषेत, दुसऱ्यात कपाळभर झिपऱ्या. ओठांना विचाराल तर दोघे जुळे भाऊ.

आता देवाची करणी बघा. एका सकाळी काका घरी काकूंचे केस कापत होते. मागची टोकं सारखी करायची म्हणून त्यांनी हनुवटीखाली बोटं लावून त्यांचं तोंड जरा वर केलं. काकू सवयीप्रमाणे डोळे मिटून देवाचं नाव घेत होत्या. काका थबकले. कात्री हातात तशीच. किती तरी दिवसांत त्यांनी बायकोचा आवाज ऐकला नव्हता, आणि आता तो त्यांच्या बोटांत होता. भिंतीला कान लावला की पलीकडची गिरणी कळावी तसा.

"थांबू नकोस," ते म्हणाले. "म्हणत राहा."

"काय झालं?"

"आता 'म' म्हण. आता 'प'."

काकूंनी 'म' म्हटलं तेव्हा जबडाच काय, गालाचं हाडसुद्धा गुणगुणलं. 'प' म्हटलं तेव्हा काही नाही, नुसता फुंकर मारल्यासारखा वारा. 'ब' मध्ये घसा हलला पण गाल गप्प राहिला. काकांनी कात्री खाली ठेवली आणि बायकोच्या समोर जमिनीवर बसले. काकू सांगतात, लग्नातसुद्धा हा माणूस इतक्या आनंदाने आपल्याकडे बघत नव्हता. बोलणाऱ्याचं तोंड धरता येत नाही म्हणतात. काकांनी ते धरलं आणि त्यावर आपला धंदा उभा केला.

तेव्हापासून घरात शाळाच भरली. न्हाणीघराच्या कपाटाला आरसा, त्यापुढे स्टूल, स्टुलावर काकू. शिकवायला लेक. ती मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात काउंटरवर बसे, तिथे हीच कॉलेजची पोरं फुटलेल्या काचा घेऊन येत, त्यामुळे बाजारात आलेला नवा शब्द तिला आधी कळे. चहा होता होता ती तो आईच्या तोंडात घाली.

"आई, म्हण. ब्रो, फेड कर. एकदम किलर पाहिजे."

"अगं, मी काय बोलतेय? देवघर समोर आहे."

"देवाला कळतं ते बाबांसाठी आहे."

काकू मान ताठ करून म्हणत, "ब्रो, किलर पाहिजे." काकांची बोटं हनुवटीखाली. "सुरुवात नुसत्या वाऱ्याने, शेवट थरथरता, तो फेड. सुरुवात थरथरती आणि शेवट चटकन तुटलेला, तो वेट," ते स्वतःशीच पाठ करत. चुकले की काकू त्यांच्या हातावर चापट मारत आणि पुन्हा म्हणत. बरोबर आले की चहा.

शब्द कळला तरी अर्थाची पंचाईत वेगळीच. जो शब्द आपल्याला माहीत नाही तो ओठांवर दिसतच नाही, हे काका ठामपणे सांगत. म्हणून अर्थ शिकणं भाग होतं. 'सिक' म्हणजे फार छान, हे लेकीने सांगितलं तेव्हा काकांनी तिच्या कपाळाला हात लावून पाहिला.

"आजारी म्हणजे छान?"

"हो. आणि 'फायर' म्हणजे त्याहून छान. 'डेड' म्हणजे खूप हसू आलं."

"आग लागली, खून झाला, माणूस मेला, आणि ह्यांचं चांगलं चाललंय."

काकूंनी मात्र पोरांची बाजू घेतली. "आपण काय वेगळं बोलतो? माझी मावशी हसता हसता म्हणायची, मेले गं बाई. कोणी छान गायलं की म्हणतो, कहर केलास. कहर काय शुभ असतो?"

काकांना हे इतकं पटलं की पुढे एकही शब्द त्यांना परका वाटला नाही. फक्त वेग जमेना. मोठ्या कष्टाने 'सिक' पक्का केला, दुकानात एका पोराला आरसा दाखवून म्हणाले, "सिक झालंय." पोरगं गोड हसलं. संध्याकाळी लेक म्हणाली, "बाबा, तो आता म्हाताऱ्यांचा शब्द झाला." काका म्हणाले, "मग माझ्या तोंडी शोभला असेल."

असं सगळं सुरळीत चाललं होतं. कोणाला पत्ता नव्हता, आणि काकांच्या खुर्चीपुढे पोरांची रांग असे. कारण दुसरे कारागीर ऐकतात आणि आपल्या मनाचं कापतात, काका सांगितलं तेच कापतात, असा त्यांचा लौकिक झाला होता.

मग एके दिवशी सुतार टेप घेऊन आला आणि आरसा मोजायला लागला.

छोटे मालक म्हणजे मोठ्या मालकांचा मुलगा. मोठे मालक वारले तेव्हा त्याच्या ओठांवर मिसरूड होतं. आता पोट सुटलं तरी लोक छोटेच म्हणतात. मुलगा मनाचा चांगला, कष्टाळू. त्याने कुठेतरी नव्या तऱ्हेचं दुकान पाहिलं होतं. तिथे समोर आरसा नाहीच. खुर्च्या रस्त्याकडे तोंड करून, पुढे मोठी काच, बाहेरची माणसं, झाडं बघत केस कापून घ्यायचे आणि शेवटी एकदाच आरसा हातात द्यायचा. गिऱ्हाइकाला नवलाई वाटते. त्याने हे सगळ्या कारागिरांना सांगितलं तेव्हा काका आरशातच त्याचे ओठ वाचत होते. ज्या आरशात ती बातमी वाचली तोच आरसा जाणार होता.

घरी आले ते जेवलेच नाहीत. काकूंनी कारण काढून घेतलं.

"सांगून टाका त्याला," त्या म्हणाल्या. "तुमच्या मांडीवर बसून पहिले केस कापून घेतलेत त्याने."

"म्हणूनच नाही सांगवत. त्याने ठेवून घेतलं तर दयेने ठेवलं असं होईल. आणि नाही ठेवलं तर? ह्या वयात मला नवी खुर्ची कोण देणार?"

"हातच्या काकणाला आरसा कशाला म्हणतात. तुमच्या हातांना तरी कशाला हवा?"

काकूंनी सहज म्हटलं, पण काकांनी ते धरलं. न्हाणीघरातल्या आरशावर टॉवेल टाकून सराव सुरू झाला. नुसती बोटं. पण बोटंही अर्धंच सांगतात. घसा हलला की नाही हे कळतं, दात ओठावर टेकले की जीभ टाळूला लागली हे कळत नाही. त्यासाठी अंगठा ओठांवर ठेवावा लागेल, आणि परक्या माणसाच्या ओठांवर अंगठा ठेवला तर तो खुर्चीतून उठून जाईल. काकूंनी तोंड दुखेपर्यंत शब्द म्हटले. दहातले चारच बरोबर येत होते. शेवटी काकांनी आरशावरचा टॉवेल काढला, नीट घडी घातली आणि कपाटात ठेवला.

सुताराने आरसा उतरवला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी छोटे मालक लवकर आले. दुकानात अजून कोणी नव्हतं. पहिली खुर्ची काचेकडे वळवलेली. ते स्वतःच तीत बसले आणि काकांना खूण केली. नव्या दुकानातलं पहिलं डोकं आपलं आणि पहिला हात काकांचा, अशी त्यांची इच्छा होती, आणि खुणेवरून काकांना ती कळलीही.

काकांनी कापड बांधलं. हात जागेवर ठेवले. समोर रस्ता. एक बाई पिशवी घेऊन चालली होती, एक माणूस समोरच्या दुकानाचा फळा पुसत होता. काचेत मालकाचं तोंड दिसत नव्हतं, सकाळचं ऊन सरळ काचेवर आलं होतं.

"हं, बोला," काका म्हणाले.

मालक बोलायला लागले.

त्यात तसं भिण्यासारखं काही नव्हतं. हे डोकं काका लहानपणापासून कापत होते. मागे भोवरा, उजवीकडे भांग, कानावर जरा मोकळे. तो काय सांगणार हे झोपेतही सांगता आलं असतं. मान हलवली असती, कात्री चालवली असती, तो दिवस निभावला असता. तसे बरेच दिवस निभावले असते.

पण बोटांखाली जे चाललं होतं ते केसांचं बोलणं नव्हतं. केसांचं बोलणं आखूड असतं, तुटक. हे लांबत चाललं होतं. मध्येच थांबत होतं. मग घोट गिळल्यासारखं हाड वरखाली झालं, आणि पुढचे शब्द आले ते कापत आले. काकांना एकही शब्द कळला नाही. पण एवढं कळलं की हा मुलगा आपल्याला मनातलं काही विचारतोय आणि उत्तराची वाट बघतोय.

केस अंदाजाने कापता येतात. ह्याला 'हं, हं' म्हणून कसं चालेल?

काका हात काढून पुढे आले. खुर्चीसमोर उभे राहिले, काचेला पाठ लावून.

"पुन्हा बोल," ते म्हणाले. "माझ्याकडे बघून बोल. मला ऐकू येत नाही. कान जाऊन बरीच वर्षं झाली. मी तोंडं बघून कामं करतो."

छोटे मालक खुर्चीत पुढे सरकले. मग त्यांचे ओठ हलले आणि काकांनी ते वाचले. "कधीपासून?"

"तुझ्या वडिलांच्या पाठोपाठ."

मालकांनी तोंडावरून हात फिरवला. हात तोंडावर असताना ते काही म्हणाले, मग त्यांच्या लक्षात आलं, हात खाली घेतला आणि पुन्हा म्हणाले. "मी विचारत होतो, काका, तुम्ही माझ्यावर नाराज आहात का? मी मागून हाक मारतो, तुम्ही वळत नाही. कित्येकदा मारली. मला वाटलं, बाबांच्या जागी मी बसलो ते तुम्हाला रुचलं नाही. म्हणून मीही मग जेवढ्यास तेवढं बोलायला लागलो. आता नवं दुकान करतोय, तर एकदाचं विचारून घ्यावं. तुम्हाला जायचं असेल तर मी अडवणार नाही, एवढंच म्हणत होतो."

काका इतका वेळ आपली खुर्ची जाईल म्हणून भीत होते. हा पोरगा इतकी वर्षं काका जातील म्हणून भीत होता. काकांना हसू आलं, आणि डोळे पुसावे लागले, दोन्ही एकदम.

"गाढवा," ते म्हणाले, "पुढून हाक मारायची ना."

मालकही हसले. मग एकदम भुवई उंचावून म्हणाले, "थांबा. मग रोज गाणं बारीक करा म्हणून माझं डोकं कोण खात होतं?"

"ते स्पीकरवरचं कापड थरथरायचं. मला बघवत नसे."

बराच वेळ दोघं नुसते हसत होते. पण छोटे मालक म्हणजे धंद्यातला माणूस, त्यांनी विचारायचं ते विचारलंच. "काका, राग मानू नका. वस्तरा चालू असताना गिऱ्हाईक शिंकलं तर?"

काकांनी बोटं पुन्हा त्याच्या जबड्याखाली ठेवली. "शिंक आधी मानेत येते, मग नाकात, आवाज सगळ्यात शेवटी. कानवाला कारागीर आवाजाची वाट बघतो. माझा हात तोवर बाजूला झालेला असतो."

मालकांनी मान डोलावली. त्या डोलावण्यात होकार होता, हे ओठ न वाचताही कळलं.

सगळं गोड झालं असं नाही. गिऱ्हाइकांपासून लपवायचं नाही असं ठरलं, तेव्हा दोन जुनी माणसं दुसऱ्या खुर्चीकडे सरकली. काकांनी मनाला लावून घेतलं, काकूंनी देवापुढे त्या दोघांचं नाव घेऊन त्यांना सद्बुद्धी मागितली. वकील मात्र तसेच येत राहिले. म्हणाले, माझं घरी तरी कोण ऐकतंय.

काका आता आधी लहान स्टूल घेऊन गिऱ्हाइकासमोर बसतात, काय हवं ते बघून घेतात, मग मागे जातात. पोरांनी हे ऐकलं तेव्हा ती ओठ फाकवून, एकेक अक्षर लांबवून बोलायला लागली. काकांनी त्यांना थांबवलं. "नेहमीसारखं बोला रे. हळू बोललात की ओठ खोटं बोलतात." मध्येच काही सुचलं तर पोरं बोट वर करतात. अर्थ नवा असेल तर तिथेच सांगूनही टाकतात, त्यामुळे लेकीची शिकवणी निम्मी झाली.

एकच गोष्ट काकांना टोचत होती. आरशात सगळं दुकान बोलायचं, ते गेलं. पाठीमागे हशा उसळला की त्यांना रस्ताच दिसे. ते कोणाला म्हणाले नव्हते. पण छोट्या मालकांनी एक दिवस ट्रकच्या बाजूला असतो तसा मोठा फुगीर आरसा आणला आणि काचेच्या चौकटीला काकांच्या डोळ्यांच्या उंचीवर ठोकला. त्यात सगळं दुकान मावतं. जरा वाकडं, पोटं सुटलेली, पण तोंडं स्पष्ट. पोरं म्हणाली, "काका, फायर आहे." काका म्हणाले, "विझवू नका मग."

परवा एक अनोळखी माणूस आला. त्याने आत डोकावून पहिल्या खुर्चीकडे बोट केलं आणि गल्ल्यावर काही विचारलं. काका कोणाच्या तरी मानेवर वस्तरा चालवत होते. फुगीर आरशात त्यांनी मालकाचे ओठ पाहिले. "बसा. बाकीच्या खुर्च्या मोकळ्या आहेत, पण काकांकडे हवं असेल तर थांबावं लागेल."

माणूस बाकावर बसला.

संध्याकाळी काकूंनी दार उघडलं आणि त्यांचा चेहरा बघून विचारलं, "काय म्हणाले आज मालक?" काकांनी चपला काढल्या, हात धुतले, स्टूल ओढून न्हाणीघरासमोर ठेवलं आणि म्हणाले, "बस. मी सांगतो ते तू म्हण. मला ते हातांनी ऐकायचंय."